मिठागरावरची चार मिनिटे दहा सेकंद

चित्रपट-संगीतकार म्हणून आपले अनुभव लिहावेत, असे या अंकाच्या संपादकांचे पत्र आले, तेव्हा मी पाकीट उलटून त्यावरचा पत्ता पुन्हा वाचला. पत्ता माझाच होता. तरीही आठ दिवस मी उत्तर लिहिले नाही. या पानांवर एरवी जे लिहितात, त्यांची नावे वाचकांना आधीच ठाऊक असतात. माझे ठाऊक असण्याचे काही कारण नाही. मी रोह्याच्या एका हायस्कुलात तीस वर्षे गणित शिकवले. त्यातल्या शेवटच्या काही वर्षांत आणि निवृत्तीनंतर मिळून मी अकरा चित्रपटांना संगीत दिले. त्यांपैकी आठ अर्ध्या तासाहून मोठे नव्हते आणि उरलेल्या तिनांतला एक डब्यातून बाहेरच आला नाही. अशा बाईने लेखणी उचलावी हे धाडसच आहे, आणि ते करताना वाचकांची आधीच क्षमा मागते. मात्र क्षमा मागून झाल्यावर एक गोष्ट न संकोचता सांगते. हे काम मला येत होते.

पेण माझे माहेर आणि रोहा सासर. दोन्हीकडे हळदीकुंकवाला गेले की हमखास विचारणा होई, "तुमचं गाणं कुठलं हो?" माझे गाणे एकही नाही, असे सांगितले की समोरच्या बाईंना माझ्याबद्दल वाईट वाटे आणि त्या घाईघाईने विषय बदलत. म्हणून हा व्यवसाय थोडक्यात सांगायला हवा. चित्रपटात गाणी असतात, तसे गाण्यांव्यतिरिक्तही संगीत असते. दार उघडते, पत्र येते, कोणी नुसतेच खिडकीशी उभे राहते, तेव्हा मागे काहीतरी वाजत असते. ते पार्श्वसंगीत. चित्रपट जोडून तयार झाला की दिग्दर्शक तो संगीतकाराला दाखवतो. कोणता प्रसंग कितव्या सेकंदाला सुरू होतो आणि कितव्या सेकंदाला संपतो, हे लिहून घ्यायचे, त्या मापात बसेल अशी रचना करायची, आणि वादकांना समोर पडद्यावर तोच प्रसंग दाखवत ती मुद्रित करायची. पडद्यावर एका सेकंदाला चोवीस चित्रे सरकतात. साडेसात सेकंदांत अमुक लयीच्या किती मात्रा बसतील, हा हिशेब ज्याला चटकन जमतो, त्याचे अर्धे काम झाले. दिलरुबा मी लहानपणापासून पेणच्या एका गुरुजींकडे शिकले होते आणि गणित तर माझ्या पोटापाण्याचेच होते. त्यामुळे त्रेचाळिसाव्या वर्षी हे काम सुरू करताना मला सूर आणि बेरीज, दोन्ही नव्याने शिकावे लागले नाही. शिकावी लागली ती तिसरीच गोष्ट, आणि तिच्याविषयीच हा लेख आहे.

सुरुवात एका परक्या देशातल्या चित्रपटाने झाली. उत्तरपत्रिकांच्या कामासाठी मी मुंबईला गेले असताना एका सहशिक्षिकेने मला तिच्या चित्रपट मंडळात नेले. चित्रपट चेकोस्लोव्हाकियातला, त्यातही स्लोवाक मुलुखातला होता. भाषा कळत नव्हती. डोंगरउतारावर पुरुषांची एक रांग गवत कापत होती आणि कितीतरी वेळ फक्त विळ्यांचा आवाज येत होता. मग ती माणसे थकून खाली बसली. त्यानंतर कुठूनतरी मेंढपाळाचा पावा वाजू लागला; तिकडे तो माणसाच्या उंचीचा असतो असे मला पुढे कळले. खोल, श्वासाचा आवाज मिसळलेला सूर. माझ्या अंगावर काटा आला, आणि गणिताच्या शिक्षिकेला साजेसा प्रश्न मनात आला: हा सूर आधी का नाही आला? संगीतकाराचे नाव सुरुवातीला पडद्यावर येऊन गेले होते. अक्षरांच्या डोक्यावर बारीक चिन्हे असलेले ते नाव मी वाचायच्या आत पुसले गेले. त्या माणसाकडून मी माझ्या कामातला पहिला धडा घेतला आणि त्याचे नाव मला आजही माहीत नाही.

रोह्याला परतल्यावर मी शाळेच्या खेळाच्या सरांकडून शर्यतींचे स्टॉपवॉच मागून आणले आणि घरात दिसेल त्याचे माप घेऊ लागले. आमचे यजमान रोह्याजवळच्या धाटावच्या एका कंपनीत शिफ्टमध्ये होते. रात्रपाळी करून आलेला माणूस दारात चपला काढून खुर्चीपर्यंत यायला अकरा सेकंद घेतो, आणि पहिल्या पाळीहून आलेला सात, हे मी त्यांना सांगितले, तेव्हा ते म्हणाले, "अगं, निदान मी बसल्यावर चहा किती सेकंदांत येतो, तेही लिही." त्या नोंदी मला पुढे फार उपयोगी पडल्या. थकवा दाखवायला करुण राग लागत नाही. चार सेकंद जास्त लागतात.

मला पहिले काम दिले ते देवदत्तने. हा माझाच जुना विद्यार्थी. गणितात बेताचाच होता; पुढे मुंबईत जाऊन माहितीपट करू लागला. शाळेच्या स्नेहसंमेलनात मी दिलरुबा वाजवत असे, हे त्याच्या लक्षात राहिले होते. त्याच्याबरोबर केलेले दुसरेच काम एका कारखान्याचे होते. तिथल्या साहेबांनी माझे संगीत ऐकून मान हलवली आणि सांगितले की सगळे उत्तम आहे, फक्त आमचे मशीन जरा आनंदी वाटायला हवे. आनंदी मशीन कसे असते, हे मी घरी येऊन यजमानांना विचारले. ते बराच वेळ विचार करून म्हणाले, "बंद पडलेलं." अखेर मी त्या मशीनला जलतरंग दिला. साहेब खूश झाले. ते काम आज आठवले की मला हसू येते आणि थोडी शरमही वाटते. मागेल त्याला मागेल तो भाव चिकटवून देण्याची जी सवय या व्यवसायात लागते, तिची ती सुरुवात होती.

पाचवा चित्रपट पेणच्या खाडीकडच्या मिठागरांवरचा होता. देवदत्तने त्यावर दोन हंगाम घालवले होते. मीठ तयार होण्याच्या आधी काय होते, हे आमच्यासारख्या पेण गावातल्या लोकांनाही ठाऊक नसते. पावसाळा संपला की मिठागराचे वाफे उपसून त्यांचा तळ घट्ट करावा लागतो. आठ-दहा माणसे एकमेकांच्या खांद्याला खांदा लावून ओल्या चिखलावर उभी राहतात आणि टाचांनी तो तळ तुडवत पुढे सरकतात, पुन्हा मागे येतात. असे कित्येक दिवस चालते. तळ दगडासारखा झाला तरच त्यावर पांढरे मीठ धरते. एखादा कोपरा मऊ राहिला, तर मीठ ओढताना खालचा चिखल त्यात मिसळतो आणि मेहनत काळी पडते. या तुडवण्याचा प्रसंग देवदत्तच्या चित्रपटाच्या मध्यभागी होता. लांबी चार मिनिटे दहा सेकंद. खाऱ्या हवेने त्याचे ध्वनिमुद्रण यंत्र त्या दिवसांत बिघडले होते, त्यामुळे प्रसंग मुका होता. पडद्यावर दहा माणसांचे वीस पाय पडत होते आणि आवाज काहीच नव्हता.

मुके चित्र मिळणे ही संगीतकाराच्या दृष्टीने पर्वणीच. त्यात देवदत्तने आणखी एक बातमी आणली. मुंबईतले एक निर्माते कोकणातला मोठा, पूर्ण लांबीचा चित्रपट करणार होते आणि त्याच्या संगीतासाठी माणूस शोधत होते. मिठागराचा चित्रपट ते पाहणार होते, तोही संगीत ऐकण्यासाठी. मी तेव्हा सत्तेचाळीस वर्षांची होते. अशी संधी दुसऱ्यांदा येणार नाही, हे सांगायला गणित लागत नाही.

मी त्या प्रसंगासाठी सहा मात्रांची, अंगात येणारी लय घेतली. ढोलकीला मुंबईचे गणपतराव होते. चित्रपटांत तीस वर्षे वाजवलेला हा माणूस. पडद्याकडे न पाहताही त्यांना पाय कुठे पडणार ते कळत असे. दर सहा पावलांनी झांज, मध्ये सनईचा एक तुकडा, शेवटी लय दुप्पट. मुद्रण संपले आणि काचेपलीकडे बसलेल्या ध्वनिमुद्रकाने उठून टाळ्या वाजवल्या. वादकांनीही वाजवल्या. गणपतराव ढोलकी गळ्यातून काढत म्हणाले, "बाई, आज हात सार्थकी लागला." तशा टाळ्या मला त्यापूर्वी कधी मिळाल्या नव्हत्या. परतीच्या एसटीत पेणपुढचा गडबचा थांबा येईपर्यंत मी ती चाल मनात दहा-बारा वेळा पहिल्यापासून वाजवली असेल.

देवदत्तचा एक नियम होता. ज्यांच्यावर चित्रपट केला, त्यांना तो सर्वांत आधी दाखवायचा. म्हणून निर्मात्यांना दाखवण्यापूर्वी आम्ही तो खाडीकडच्या गावात नेला. बायकांना सोयीचे म्हणून वेळ दुपारची ठरली. शाळेच्या एका वर्गाच्या खिडक्यांवर घोंगड्या टांगून अंधार केला. मिठागरावरचे सगळे लोक खाली बसले होते. पहिल्या रांगेत हिराबाय होती. पडद्यावरच्या रांगेत अगदी टोकाला असते ती, साठीच्या पुढची, सडपातळ बाई. स्वतःला पडद्यावर पाहून लोक एकमेकांना ढोसत होते, नावे घेत होते. मी मागच्या भिंतीला टेकून माझ्या चार मिनिटांची वाट पाहत होते.

ढोलकी सुरू झाली आणि वर्ग हसू लागला. आधी वाटले, आनंदाने हसत आहेत. मग लक्षात आले की हे हसणे निराळे आहे. एक पुरुष उठून कमरेवर हात ठेवून ठेक्यात पावले टाकू लागला आणि बायका पदर तोंडाला लावून लोळायच्या बेतात आल्या. हिराबाय हसत नव्हती. दिवे लागल्यावर संगीत कोणी केले, याची तिने चौकशी केली. कोणीतरी माझ्याकडे बोट दाखवले.

"काय गो बाय," ती म्हणाली, "आमाला काय हळदीत नाचाया नेलंस?"

वर्ग पुन्हा हसला. मी काहीतरी सौजन्याचे बोलले. काम करताना गाणी म्हणतात, लय धरतात, असे मी वाचले होते, असेही बोलले असेन. शिक्षकांना वाचलेले सांगण्याची खोड असते.

"भात लावताना म्हनतो की गानी. तुडवताना नाय. तुडवताना कोन बोलला, तर मी त्याला रांगेतनं काडते."

"का?"

"अगो, आयकाचा असतो ना तळ."

मला कळले नाही, हे तिला दिसले. ती उठली, बरोबरच्या आठ जणींना हाक मारली आणि मला घेऊन सरळ मिठागराकडे निघाली. हंगाम नुकता सुरू झाला होता; तिच्या एका वाफ्याचे तुडवणे चालूच होते. बांधावर माझ्या चपला काढायला लावून तिने मला रांगेत आपल्या शेजारी उभे केले. गुळगुळीत, थंड चिखल बोटांत शिरला. मग सगळ्या जणी तुडवू लागल्या आणि कोणीच बोलेना.

ते ऐकायला मला थोडा वेळ लागला. प्रत्येक टाचेचा आवाज सारखा नव्हता. जिथे ओल राहिली होती, तिथे पाय पडताच फुटका, चोखल्यासारखा आवाज येई. जिथे तळ जमत आला होता, तिथे तोच आवाज बसका होई, मग हळूहळू कोरडा, वर चढणारा, कातडे ओढून आणलेल्या वाद्यासारखा. हिराबाय मान किंचित वाकडी करून चालत होती. दहा माणसांच्या वीस टाचांतून कुठली टाच अजून खोटे बोलते आहे, हे ती ऐकत होती. टोकाला ती असते ती एवढ्यासाठीच. सगळा तळ एकाच आवाजात बोलू लागला की ती हात वर करते आणि म्हणते, "झाला." त्याआधी कोणी थांबायचे नाही, आणि कोणी आवाज करायचा नाही.

दोन फेऱ्या झाल्यावर तिने मला विचारले, "सांग, झाला काय?"

मी म्हणाले, "उजवीकडचा कोपरा राहिलाय. तिकडचा सूर खाली आहे."

सूर वगैरे शब्द तिच्या कामाचे नव्हते. पण ती त्या कोपऱ्यात गेली, एक टाच मारली आणि परत आली. माझ्याकडे तिने नीट पाहिले.

"कान हाय तुला," ती म्हणाली. "मंग त्या पिच्चरमधी कुठं ठेवला व्हतास?"

मला आजवर मिळालेली सर्वांत कडक समीक्षा ती हीच. स्लोवाक डोंगरावरच्या विळ्यांपासून मी जे शिकले होते, ते पहिल्याच मोठ्या परीक्षेत विसरले होते. जे ऐकण्यासाठी दहा माणसे तोंड मिटून चालत होती, नेमक्या त्यावरच मी ढोलकी आणि सनई ओतली होती. आणि टाळ्या घेतल्या होत्या.

त्याच दिवशी पेणच्या एसटी स्टँडवर मी देवदत्तला सांगितले की त्या प्रसंगाचे संगीत काढून टाकायचे. त्याने आधी समजावले. गावातले लोक पहिल्यांदा पाहताना हसतातच, मुंबईत कोणाला तळ आणि टाच कळणार आहे, असे त्याचे म्हणणे. ते चूकही नव्हते. मग तो बाकावरून उठून उभा राहिला, शाळेत उत्तर येत नसे तेव्हा उभा राही तसा.

"बाई, ते निर्माते हीच चार मिनिटं ऐकून तुम्हाला काम देणार आहेत. ती काढली तर ते ऐकतील काय?"

"पाय," मी म्हणाले.

"पायांवर तुमचं नाव येत नाही, बाई."

हे मात्र खरे होते. रोह्याची गाडी लागली, तशी मी जाऊन खिडकीशी बसले. माझ्या मनात हिराबाय नव्हतीच. खरे सांगायचे तर मला ती रचना हवी होती, तो चित्रपट हवा होता, पडद्यावर एकटीचे नाव हवे होते. घरी आल्यावर यजमानांना सगळे सांगितले. त्यांनी एवढेच विचारले की, तू त्या कोपऱ्याबद्दल जे सांगितलेस ते बरोबर निघाले का. मी हो म्हणाले. "मग झालं," असे म्हणून ते जेवायला बसले.

पुढच्या पंधरवड्यात मी आणि देवदत्त दुरुस्त केलेले यंत्र घेऊन मिठागरावर चार वेळा गेलो. पहिल्या दिवसाचा पचपचीत तळ, मधला बसका, शेवटचा कोरडा, असे सगळे आवाज मुद्रित केले. हिराबायने रांगेला सक्त ताकीद दिली होती. एकाला शिंक आली, तर त्याला बांधावर पाठवले. मग मुंबईत संकलनाच्या टेबलावर बसून मुक्या चित्रातल्या एकेका टाचेखाली एकेक आवाज ठेवत गेलो. पडद्यावर पाय दिसतो तो जमिनीला कितव्या चित्रात टेकतो, हे मोजायचे, फीत कापायची, चिकटवायची. चार मिनिटे दहा सेकंदांत कित्येक दिवसांचे तुडवणे बसवायचे होते. आवाज कुठे किती कोरडा व्हायला हवा, हे मी चौकटीच्या वहीत आलेख काढून ठरवले होते. आयुष्यात मी इतकी काटेकोर रचना दुसरी केली नाही, आणि तिच्यात माझा एकही सूर नव्हता. हिराबायचा हात वर जाण्याआधी अडीच सेकंद तळ पूर्ण तयार झालेला ऐकू यावा, अशी मी योजना केली, कारण ती ऐकते आधी आणि हात वर करते नंतर. हात वर गेल्यावर मात्र माझ्याने राहवले नाही. तिथून पुढच्या दृश्यावर वीस सेकंद दिलरुबा वाजवला.

या साऱ्या गडबडीत माझ्याकडून एक गोष्ट चुकली, ती आजही टोचते. मी गणपतरावांना कळवले नाही. संगीत काढल्याचे त्यांना स्टुडिओत कोणाकडून तरी समजले. नंतर मी दुसऱ्या एका कामासाठी त्यांना बोलावले, तर त्यांनी निरोप पाठवला की वेळ नाही. वर्षभर त्यांना वेळ नव्हता. शेवटी मी त्यांच्या घरी गेले. त्यांनी चहा दिला, नातवंडांची ओळख करून दिली, आणि मी निघताना दारात म्हणाले, "वाजवलेलं पुसतात, बाई. ते आमच्या कामात आहेच. पण पुसण्याआधी वाजवणाऱ्याला सांगावं." त्यानंतर मी फितीची एक पट्टी जरी काढली, तरी वादकाला स्वतः सांगत आले. गणपतरावांनी पुढे माझ्यासाठी तीन चित्रपटांत वाजवले. त्या सहा मात्रांची फीत मी जपून ठेवली आहे. ती फार चांगली रचना आहे. तिच्यासाठी योग्य प्रसंग मला कधी मिळाला नाही.

निर्मात्यांनी चित्रपट पाहिला. सौजन्याने वागले, मिठागराविषयी पुष्कळ विचारले, आणि दिव्यांच्या उजेडात आल्यावर देवदत्तला म्हणाले की, चित्रपट उत्तम आहे, पण जिथे संगीताला वाव होता, तिथेच संगीतकाराने काही केलेले दिसत नाही. तो मोठा चित्रपट दुसऱ्या कोणाला मिळाला. मी तो पुढे पेणच्या थिएटरात तिकीट काढून पाहिला. संगीत चांगले होते. थोडे जास्त होते.

नंतर माझ्याकडे जी कामे आली, ती याच चित्रपटामुळे आली. संगीत कुठे नको, हे सांगणारी एक बाई रोह्याला असते, असा माझा लौकिक झाला. काही दिग्दर्शक तर मला फक्त विचारायला बोलावत; मी चित्रपट पाहून कुठे कुठे गप्प बसायचे ते सांगत असे आणि परत येत असे. त्यासाठी पडद्यावर नाव कुठे घालावे, हा प्रश्न कोणाला सुटला नाही.

एक प्रसंग मी शेवटी ठेवला आहे, जरी तो निर्मात्यांच्या आधीचा. पाय बसवून झाल्यावर आम्ही चित्रपट पुन्हा त्या गावात नेला. तीच शाळा, तोच वर्ग, त्याच घोंगड्या. मी तशीच मागे उभी होते, हातात शाळेचे स्टॉपवॉच. सुरुवातीला पूर्वीसारखीच कुजबुज होती. कोणीतरी मागच्या खेपेच्या नाचणाऱ्या पुरुषाला उठ म्हणून चिडवलेही. मग पडद्यावर रांग उभी राहिली आणि पहिली टाच पडली. एक बाई शेजारणीशी बोलत होती. हिराबायने मागे न वळता हात मागे नेऊन तिच्या गुडघ्यावर चापट मारली. त्यानंतर त्या वर्गात मिठागरावर असते तशी शांतता झाली. मी लोकांचे चेहरे पाहत होते. पडद्याकडे पाहणारे थोडेच होते. बहुतेकांच्या माना किंचित वाकड्या होत्या, काहींचे डोळे मिटलेले.

घड्याळात चार मिनिटे सात सेकंद झाले असतील. पडद्यावरची हिराबाय अजून चालत होती, तिचा हात खालीच होता. आणि अंधारातून, मागच्या रांगेतून, कोपऱ्यातून, चार-पाच बायका एकदमच, कोणाला सांगायचे नसल्यासारख्या, हलक्या आवाजात म्हणाल्या, "झाला."

मग पडद्यावर हात वर गेला.

दिवे लागल्यावर हिराबाय माझ्यापाशी आली. जाता जाता एवढेच म्हणाली, "शेवटाला ते रडगानं कशाला घातलंस? तळ झाला, म्हंजे आनंद असतो आमाला."

तो दिलरुबा मी काढला नाही. तेवढा मोह राहिला, आणि चित्रपट कुठे दाखवला जातो असे कळले की त्या वीस सेकंदांची मला आजही लाज वाटते. बाकीच्या चार मिनिटांची नाही. ती माझ्या हातून झालेली सर्वांत चांगली रचना आहे, असे मी कोणालाही, कुठेही, मान वर करून सांगेन.

माझी गाणी कोणती, हे मला पुष्कळांनी विचारले. आज एकदा मी वाचकांना विचारते: तुम्ही अलीकडे जो चित्रपट पाहिलात, त्यात संगीत कुठे थांबले होते, ते तुम्हाला आठवते का?